मूळ पत्र

“अर्थ तोच आहे ना, काका?” अभिलेखागाराच्या खिडकीतल्या बाईंनी विचारले.

कोणताही मजकूर पडद्यावर पुन्हा उघडताना त्यातले शब्द यंत्राने बदललेच पाहिजेत, हा नियम होऊन अकरा वर्षे झाली होती. दिवंगत पत्नीचे, वत्सलाबाईंचे, तिच्या कागदांसोबत इथे जमा झालेले एकुलते एक पत्र निवृत्त मुद्रितशोधक भार्गवराव सोहोनी आज पडद्यावर शंभराव्यांदा वाचत होते. ‘घर सुने वाटते’ या तिच्या ओळीचे आता ‘निवासस्थान निर्मनुष्य भासते’ झाले होते.

“यात चूक काय आहे?” बाई म्हणाल्या.

“चूक नाही, बाई. चूक करायलाही थोडी अक्कल लागते,” भार्गवराव तुच्छतेने म्हणाले. “ज्याला शब्दाचे वजन कळत नाही, त्याने दुसऱ्याच्या वाक्याला हात लावू नये. मला तिच्या हातचा कागद द्या.”

त्यासाठीचा अर्ज दोन वर्षांनी मंजूर झाला होता. बाईंनी तळघरातून आणवलेले पाकीट पुढे सरकवले. भार्गवरावांनी चष्मा पुसला आणि कागद उलगडला.

निळ्या शाईत वत्सलाबाईंनी लिहिले होते, ‘तुम्ही नसलात की घर खायला उठतं.’ शेवटच्या शब्दांवर तांबडी रेघ होती आणि वर नेटक्या अक्षरात लिहिले होते, ‘सुने वाटते’. पुढची एकही ओळ तांबड्या शाईतून सुटली नव्हती.

ते अक्षर भार्गवरावांचे होते. लग्नाच्या पहिल्या वर्षी हे पत्र त्यांनी तपासून तिला माहेरी परत धाडले होते. त्यानंतर तिने त्यांना पत्र लिहिले नव्हते.