विटली की कळवा

मार्सेलाच्या पत्राला फाउस्तिनो मास्तरांनी नऊ वर्षं उत्तर दिलं नव्हतं. मास्तर डोंगरातल्या बोन्तोक गावच्या शाळेतून निवृत्त झाले, तेव्हा बागिओ शहराच्या बाजारात हार विकणाऱ्या मार्सेलानं एव्हरलास्टिंग नावाच्या सुक्या फुलांचा हार पाठवला होता. सोबत चिठ्ठी होती: ‘फुलं विटली की कळवा. नवा हार घेऊन मी स्वतः येईन.’

मास्तरांनी हार जिवापाड जपला. कागदात गुंडाळून पुस्तकांच्या कपाटात, उजेडापासून दूर ठेवला. ओल लागू नये म्हणून शेजारी तांदळाची पुरचुंडी. महिन्यातून एकदा कोंबडीच्या पिसानं धूळ झटकायची. फुलांवरच्या एका पुस्तकात लिहिलं होतं, अशी फुलं दोन-तीन वर्षं टिकतात. इथे नऊ झाली तरी विटेनात. मग कळवणार काय?

या ऑगस्टात तीन आठवडे धुकं हललं नाही. कपाटाला ओल आली. मास्तरांनी हार काढून पाहिला, तर सगळी फुलं मिटलेली, मुठी आवळल्यासारखी. त्यांचा चेहरा उजळला. लगेच बसून त्यांनी लिहिलं, ‘फुलं विटली.’

भाची जोवी कॉफी घेऊन आली. “काय मामा, एवढे खूश?”

“संपली एकदाची,” मास्तर म्हणाले आणि लाजून त्यांनी जुनी चिठ्ठी पुढे केली.

जोवीनं ती वाचली, पुन्हा वाचली. “आणि म्हणून तुम्ही नऊ वर्षं गप्प?”

“विटलीच नव्हती ना.”

“अहो, तिला काय फुलांची पडली होती? मी बागिओला गेले की दर वेळी बाजारात मला विचारते, मास्तरांचा हार कसा आहे? मी आपली कौतुकानं सांगते, अगदी नव्यासारखा! आणि बाईचं तोंड एवढंसं होतं. मला वाटायचं, धंदा बुडतो म्हणून!”

मास्तर कानापर्यंत लाल झाले.

जोवीनं हार उचलून चुलीवरच्या खुंटीला लावला. “आणि ही विटलेली नाहीत काही. ओल लागली की मिटतात. पुस्तकात नाही वाटतं हे?”

चुलीत पाइनची लाकडं तडतडत होती. कॉफी संपेपर्यंत एक फूल उमललं, मग दुसरं. थोड्या वेळात पिवळी, केशरी, तांबडी, सगळी टक्क उघडी. नऊ वर्षांपूर्वीसारखीच.

“आता?” मास्तर केविलवाणे झाले. “खोटं कसं लिहू?”

“मग खरं लिहा.”

त्यांनी तीन कागद फाडले. चौथा पाकिटात घातला, छत्री घेतली आणि टपाल कचेरी गाठली. पेटीच्या फटीत त्यांचा हात जरा वेळ तसाच राहिला. मग पाकीट आत पडल्याचा बारीक आवाज आला.

कागदावर दोनच वाक्यं होती: ‘फुलं विटलेली नाहीत. तरी या.’