पाण्यावरची हाक

“तू हितं पुढ्यात बसलायस. हाक कुनाला मारू?” फुलाबाई म्हणाली.

गोरखने कानावरचा हेडफोन सरकवला. धरणाच्या काठावर त्याने माइक रोवला होता, वारा घुसू नये म्हणून त्याला केसाळ टोपी घातली होती. कॅमेरा मात्र पिशवीतच. त्याचं हे असंच. आधी आवाज, मग चित्र. आवाज सापडेपर्यंत कॅमेऱ्याला हात लावायचा नाही. म्हणूनच तर बुडालेल्या वाडीवरच्या या सिनेमाचं घोडं इतके दिवस अडून बसलं होतं.

पाणी हवं तेवढं होतं. आवाज एकच हवा होता. सांज झाली की आई ओट्यावरून त्याला घालायची, ती हाक. ओढ्यात असो की आंब्यावर, तो हाकेसरशी घरी पळत सुटायचा. पुण्यात इतकी वर्षं काढली, तरी घर म्हटलं की त्याला भिंती आठवत नसत, ती हाक आठवे. आईचा आवाज अलीकडे थकत चालला होता. आत्ता नाही मिळाली तर ती कायमचीच गेली, हे त्याला कळत होतं.

“तवा मारायचीस तशी मार, आई. एकदाच.”

“गोरख,” ती म्हणाली. रेशनच्या रांगेत कुणाला पुढे सरकायला सांगावं, तशी.

“अशी न्हाई गं! सांजची.”

“सांजची व्हय? मग तसं बोल की.”

फुलाबाई गुडघ्यावर हात टेकून उठली. पदर खोचला. पलीकडच्या काठाकडे वळून तिने तोंडाशी हात धरला.

“गोरऽऽख! ए गोरऽऽऽख!”

हाक पाण्यावरून गेली, समोरच्या डोंगराला लागून परत आली. तीच. शेवटी जराशी वर उचललेली, अगदी तश्शीच. गोरखचे डोळे भरून आले. एवढा आनंद त्याला कित्येक वर्षांत झाला नव्हता. माइक चालू आहे याचंही भान राहिलं नाही.

“आलो गं आई!”

“तुला कोन बोलवतंय?” फुलाबाईने वळूनही पाहिलं नाही. “ती तुज्या आबांची हाक. मालकाचं नाव घिऊन कुनी बोलावतं व्हय? थोरल्या पोराच्या नावानंच मारायची.”

हे गोरखला ठाऊक नव्हतं असं नाही. वाडीतल्या सगळ्याच बायका तसं करत. पण आपल्या आईच्या हाकेला त्याने ते कधी लावून पाहिलं नव्हतं.

“मग म्या पळत यायचो, तवा सांगितलं का न्हाईस?”

“काय सांगायचं? पळत यायचास. ग्वाड वाटायचं.”

गोरखला हसूही आलं आणि लहानपणीचं काहीतरी हातातून काढून घेतल्यासारखंही वाटलं. आबा धरण भरायच्या आधीच गेले होते. त्यांची पलीकडची खाचरं वाडीबरोबर बुडाली. तो खाली वाकला आणि माइकच्या बटणाकडे हात नेला.

“असू दे चालू,” फुलाबाई पाण्याकडे बघत म्हणाली. “खाचरातनं यायला त्यास्नी येळ लागतो.”