पाच मिलिमीटर

"अठरा पूर्ण लागतात." शाल्मलीनं भिंतीवरच्या पाटीकडे बोट केलं. पाटीवर मोठ्या अक्षरांत कन्नड, खाली बारीक मराठी. "ही किती वर्षांची?"

"आठ संपून नववं लागलंय," मंगल म्हणाली. खानापूरजवळच्या गावाहून ती सकाळच्या बसनं शहापुरातलं हे टॅटूचं दुकान शोधत आली होती. शेजारी तिची मुलगी रचना, दोन वेण्या, नवा फ्रॉक. "पण हे फॅशनचं न्हाय आक्का. कामाचं हाय."

तिनं मोबाइल पुढे केला. फोटोत रचनाच होती, परकर-पोलक्यात. हनुवटीवर गोंदणाचे तीन हिरवे ठिपके.

"कोल्हापुरात सीरियलचं शूटिंग चालू झालंय. मेकअपवाला रोज पेन्सिलीनं काढतो. रोज जागा बदलती. दारातनं आत येताना ठिपके एकीकडं, आत आल्यावर दुसरीकडं. परवा दोन सीन परत घ्यायला लागले. डायरेक्टर म्हणाला, तीन ठिपके सांभाळंनात तर पोरगी बदला." तिनं आवाज खाली आणला. "इचलकरंजीची एक बघून ठेवलीया त्यांनी."

"मी साचा कापून देते. तो हनुवटीवर धरून काढायचे. जागा चुकणार नाही."

"सांगून बघितलं. मेकअपवाला म्हणतो, आता तू मला शिकवणार काय."

कामाच्या वेळी असतो तसा शाल्मलीच्या तोंडावर मास्क होता. मंगल त्या मास्ककडेच बघत होती.

"तुम्ही सीरियलमधल्या गोदी न्हवं? म्हणून तर तुमच्याकडंच आलो. शाळेत असताना बघायचो आम्ही. तुम्ही विहिरीपाशी रडलासा, तवा आमची आई जेवली न्हाय."

शाल्मलीनं मास्क खाली ओढला. हनुवटीवर तीन ठिपके होते, कडा विस्कटलेले, हिरव्याचे राखाडी होत चाललेले.

"मीपण आठ वर्षांची होते. कारणपण हेच. आईनं जत्रेत गोंदवून घेतले." तिनं ड्रॉवरमधून पारदर्शक पट्टी काढली आणि आरशात न बघता हनुवटीला लावली. "दोन ठिपक्यांत तेव्हा पाच मिलिमीटर होते. आता साडेसहा आहेत. चेहरा वाढला तसे पांगले. वरची कातडी महिन्याभरात नवी येते. शाई तिच्या खाली असते. ती जात नाही."

"लेझरनं जातं म्हणं की."

"चार वेळा केलं. काळा जातो. हा हिरवा राहतो."

मंगलनं मान हलवली, पण पट्टीकडे बघितलं नाही.

"मालिका चौदा महिने चालली," शाल्मली म्हणाली. "नंतर जिथं जाईन तिथं म्हणायचे, अरे ही तर गोदी. मोठी झालेली गोदी कुणालाच नको होती."

"पण अजून काम करतासा की. उद्या शूटिंग हाय, दुकान बंद, असं बाहेर लिवलंय."

"नर्सचं आहे. एक वाक्य. मला नर्सचीच कामं मिळतात."

"का?"

"नर्सला मास्क असतो."

मंगलनं रचनाच्या पाठीवर हात ठेवला. "बघ. बावीस वर्सं झाली, तरी आक्कांना अजून बोलावत्यात."

भिंतीपलीकडे यंत्रमाग चालू होता. त्याचा ठोका खुर्चीच्या लोखंडी पायात उतरत होता. रचना तिथं हात लावून बघत होती.

"मी नाही करणार," शाल्मली म्हणाली.

मंगल रागावली नाही. तिनं पिशवी उचलली. "बरं. शनवारी आमच्याकडं जत्रा हाय. गोंदणारा येतो. त्याच्याकडनं घेतो काढून."

"सगळ्यांना एकच सुई असते त्याची."

"आमच्या गावात समद्यांनी त्याच्याकडनंच काढल्यात. कोण मेलं न्हाय." आणि मग, जरा खालच्या सुरात, "सोमवारी परत शिफ्ट हाय आक्का. आम्हाला कोण विचारतंय, दुखतंय काय म्हणून."

दोघी दारापर्यंत गेल्या. रचना चपलेचा बंद लावायला वाकली. बंद निघाला होता. तिनं तो दोन बोटांनी आत दाबून बसवला आणि पाय आपटून बघितला.

"थांबा," शाल्मली म्हणाली.

तिनं काचेचं दार आतून लावून घेतलं. हात कोपरापर्यंत धुतले, हातमोजे घातले. सुईचं बंद पाकीट मंगलच्या डोळ्यांसमोर फाडलं आणि शाईसाठी नवी छोटी वाटी घेतली. मंगल म्हणाली, "लई उपकार झाले." शाल्मलीनं तिला कोपऱ्यातल्या स्टुलावर बसायला सांगितलं आणि बोलू नका म्हणाली.

खुर्चीत रचनाचे पाय खाली पोचत नव्हते. शाल्मलीनं तिची हनुवटी स्पिरिटनं पुसली, पट्टी लावली, पेननं तीन खुणा केल्या. मग दिवा ओढून जवळ आणला.

दिवा लागताच रचनानं कुणी न सांगता मान वर केली, जराशी डावीकडे वळवली आणि उजेड बरोबर हनुवटीवर पडेल तिथं थांबली. पापण्यासुद्धा हलवल्या नाहीत.

"आता टोचेल," शाल्मली म्हणाली. "हलायचं नाही."

मुलीचे डोळे हळूहळू भरून आले. पाणी कडेला येऊन थांबलं. ते तिनं तिथंच धरून ठेवलं आणि ओठ फारसे न हलवता विचारलं,

"आक्का, ह्यात रडायचं हाय का न्हाय?"