पडण्याची जागा

"ताई, माझा पाय घरी नाही मोडला."

कोडबाईंनी मान वर केली. खिडकीपलीकडे एक माणूस दोन्ही काखांत कुबड्या धरून उभा होता. उजव्या पायाला मांडीपासून बोटांपर्यंत प्लॅस्टर. दवाखान्याच्या त्या टोकाच्या खोलीपर्यंत पेशंट सहसा पोचत नसत. तिथे कुणाला तपासत नसत. तपासून झालेल्या दुखण्याला तिथे आकड्या-अक्षरांचा कोड लावला जाई. बाईंची उमेदीची वर्षं त्यातच सरली होती, म्हणून सगळे त्यांना कोडबाई म्हणत.

पाय मोडला एवढ्यावर बाईंचं भागत नसे. नडगी मोडली की तिच्या शेजारचं बारीक हाड? उजवा पाय की डावा? हाड कातडी फाडून बाहेर आलं की आतल्या आत मोडलं? पेशंट पहिल्यांदा आलाय की पुन्हा? या सगळ्याला कोडात आपापली जागा होती. शिवाय माणूस कशावरून पडला आणि कुठे पडला, त्याचे कोड वेगळे. "मला पडायचं झालं तर आधी तुला विचारून पडेन," असं त्यांचा नवरा थट्टेनं म्हणायचा.

बाईंनी त्या माणसाची फाइल काढली. सर्जननी स्वच्छ लिहिलं होतं, राहत्या घरी जिन्यावरून पडल्यामुळे.

"इथे तर घरीच लिहिलंय, दादा."

"ते मुकादमानं सांगितलं. तोच मला घेऊन आला ना. मला कुठे शुद्ध होती? मी कारखान्याच्या गोदामात पडलो. शिडीची पायरीच निखळली."

आली भरपाईची भानगड, बाईंच्या मनात आलं. समोर फाइलींचा ढीग वाट बघत होता.

"हे बघा, आम्ही लिहिलेलं वाचतो. घडलेलं आम्हाला कसं कळणार? डॉक्टरांकडून बदलून आणा."

नियम तोच होता. पण नियमाचा दुसरा अर्धा भाग त्यांनी सांगितला नाही. शंका आली तर कोड लावणाऱ्यानंच डॉक्टरांना विचारायचं असतं. फोन कोपराशी होता. पण सर्जन तापट. मागे एकदा उजवा की डावा एवढंच विचारलं, तर सगळ्यांसमोर म्हणाले होते, "माझं अक्षर लागत नसेल तर चष्मा बदला." बाईंचा हात फोनकडे गेला नाही.

"बरं, ताई," तो माणूस म्हणाला आणि कुबड्या टेकत वळला.

दुपारी चहाला जाताना तो त्यांना ऑपरेशन थिएटरबाहेरच्या बाकावर दिसला. पाय समोर लांब करून तो बंद दाराकडे बघत बसला होता. आत ऑपरेशन चालू होतं आणि ते लांबणार होतं, हे बाईंना माहीत होतं. त्याला ते कुणी सांगितलं नव्हतं. बाईंनीही सांगितलं नाही. संध्याकाळी घरी निघताना बाक रिकामा दिसला आणि त्यांना चक्क हायसं वाटलं.

तो भांडला असता तर त्या विसरून गेल्या असत्या. त्याचं ते "बरं" मात्र दाताच्या फटीत अडकलेल्या कणासारखं राहून गेलं. मध्ये काही आठवडे गेले. एका सकाळी टेबल आवरता आवरता बाईंनी एकदम फोन उचलला आणि सर्जनना सगळं सांगितलं.

"मुकादमच बोलत होता, पेशंट नाही. आठवतंय मला," सर्जन म्हणाले. आवाज चढला नाही. उलट थोडा खालीच आला. "अहो बाई, मग तेव्हाच विचारायचं ना!"

दुपारच्या आत त्यांची दुरुस्ती फाइलीत आली. बाईंनी घराचा कोड खोडून कारखान्याचा घातला. एवढंसं काम. त्या रात्री जेवताना त्या नवऱ्याला म्हणाल्या, "उशिरा का होईना, एका गरिबाचं काम झालं हो."

त्यामुळे तो प्लॅस्टर काढायला आलाय असं कळलं, तेव्हा बाई हातातलं टाकून स्वतः उठून गेल्या. तो प्लॅस्टरच्या खोलीबाहेर बसला होता. वाळून काटकीसारखा झालेला पाय परक्याचा असावा तसा न्याहाळत होता.

"दादा, ओळखलंत का? तुमची नोंद दुरुस्त केली मी. कारखान्यात पडलात असंच लागलंय आता. तुमची भरपाई कोणी अडवणार नाही."

त्यानं वर पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता. बाईंना राग चालला असता.

"मी भरपाईसाठी नव्हतो आलो, ताई. दवाखान्यातून कारखान्याची नोंद गेली की तपासणीवाले येतात, असं कुणीतरी सांगितलं होतं. ते आले असते, तर कारखान्याला ती शिडी मोडीत काढावी लागली असती."

"मग येतील की आता!" बाई घाईघाईनं म्हणाल्या. "आता नक्की येतील."

तो पँटचा पाय सावकाश खाली ओढत राहिला.

"माझ्या जागी मुकादमानं माझ्या धाकट्या भावाला घेतलं होतं. चढू नकोस म्हणून मी घरून बजावून पाठवायचो. पण नव्या माणसाला नाही म्हणता येतं का?"

बाई वॉर्डांच्या दिशेनं वळल्याच. "कुठे आहे तो? इथेच आणलंय ना? कोणत्या वॉर्डात? मी आत्ता बघते, मी स्वतः..."

"नाही, ताई," तो म्हणाला. "त्याला इथवर आणण्याइतका वेळच मिळाला नाही."