खंडेनवमीची स्थगिती

खंडेनवमीचं कोवळं ऊन दिग्रसच्या जिनिंगच्या पत्र्यांतून हळूहळू आत उतरलं आणि मुक्या यंत्रांवरून सरकत मोठ्या चाकापाशी येऊन थांबलं. पूर्वी या उन्हात कापसाचे तंतू तरंगत. आज ते नुसतंच ऊन होतं. थकलेल्या कर्जापायी बँकेने काढलेला जिनिंगचा लिलाव मालक सदाशिवरावांनी कोर्टात नव्या अर्जाने पुन्हा एकदा पुढे ढकलला होता.

"स्थगिती भेटली. औंदाही पूजा आपल्याच हातची," ते म्हणाले.

चाकाला कुंकू लावताना मैनाबाईंनी विचारलं, "अन् चालू कवा करता?"

"पुढची तारीख तं पडू दे."

"अहो, लिलाव कोर्टानं थांबवला. गंज कोन थांबवन?"

पूजेनंतर चाक एकदा हाताने फिरवायची रीत होती. सदाशिवरावांनी हात लावले, मग खांदा लावला. तबक खाली ठेवून मैनाबाईही जोर लावू लागल्या.

चाक हललं नाही. ही जिनिंग आता पुन्हा सुरू होणार नव्हती.