भेटीची वेळ

व्हेंटिलेटरवरच्या ज्या रुग्णांना भेटायला कुणीच येत नसे, त्यांना न्यूमोनिया क्वचित होई. ज्यांच्या उशाशी घरचे माणूस बसे, त्यांना तो हटकून गाठी.

अतिदक्षता विभागाच्या डॉक्टरबाईंचा संशय नातेवाइकांच्या हातांवर होता. त्यांनी प्रत्येकाला कोपरापर्यंत हात धुवायला लावले. तिळमात्र फरक पडला नाही. अशातच त्यांच्या वडिलांनाच व्हेंटिलेटर लावायची पाळी आली.

"आई, हात?"

"धुतले गं बाई, सालं निघायची तेवढी बाकी आहेत!" म्हणत आई आत गेली.

लेक काचेपलीकडून पाहत राहिली. आईने बाबांच्या कपाळावरून हात फिरवला, नर्सची पाठ वळल्याची खात्री केली आणि खाटेची कळ दाबून मुद्दाम उंच ठेवलेली उशाकडची बाजू हलकेच खाली आणली.

लेक धावत आत शिरली. "आई, अगं काय करतेस हे?"

"आल्यापासून अर्धवट बसवून ठेवलंय तुम्ही त्यांना. पाठ टेकल्याशिवाय माणसाला झोप लागते का कधी?"



खाट सपाट झाली, की पोटातला द्रव घशाशी येऊन व्हेंटिलेटरच्या नळीच्या कडेने फुप्फुसात झिरपत होता. आणि खाट सपाट करायला मायेचे माणूस लागत होते.