फाटक्या कानाची मांजर

मांजर तीच होती.

तीच राखाडी पाठ, तोच फाटका डावा कान, आणि वेताची टोपलीही तीच. जनावरांच्या दवाखान्यातल्या सिस्टरने तिला वजनकाट्यावर ठेवलं. दोन किलो आठशे. अकरा वर्षांपूर्वीच्या कागदावरही हाच आकडा होता, आणि ती मांजर याच टेबलावर गेली होती.

मेलेली मांजर परत येत नाही, हे सिस्टरला कुणी सांगायला नको होतं. तरी अंगावर काटा आला तो आलाच.

“तिच्याच वंशातली असेल,” घड्याळवाले काका म्हणाले. “महिन्यापूर्वी दारात येऊन बसली. जुन्या नावाने हाक मारली, तर ओ दिली.”

जन्मभर घड्याळं दुरुस्त केलेला माणूस. तिळाएवढं चाक निसटलं तरी त्यांच्या नजरेतून सुटायचं नाही. त्या वेळी मात्र त्यांनी एक शब्द विचारला नव्हता. डॉक्टर म्हणाले, कधी कधी काळीज साथ देत नाही; काकांनी मान हलवली आणि टोपली उचलून चालते झाले. ते गप्प जाणं सिस्टर विसरली नव्हती.

या मांजरीच्या पायावरची गाठ काढायची होती. कालपासून पोटात काही नाही ना, असं तिने विचारलं. काका म्हणाले, घोटभर पाण्याशिवाय काही नाही, आपण रात्रभर तिच्या उशाशी बसून होतो. मग ऑपरेशनच्या खोलीच्या दारात उभं राहू द्या म्हणून त्यांनी गळ घातली. डॉक्टर भिडस्त, हो म्हणून मोकळे झाले.

सिस्टर भूल देण्याच्या मशीनकडे वळली. मोठ्या कुत्र्यांच्या जाड नळ्या तिने बाजूला केल्या. तीन किलोच्या आतल्या जिवाला त्या नळ्यांतून श्वास ओढणंही जड जातं. तिने हलकी नळी घेतली, उजेडात धरून आतली बारीक नळी जागेवर आहे ना ते पाहिलं. मग व्हॉल्व्ह बंद केला, नळीचं तोंड अंगठ्याने दाबलं आणि ऑक्सिजन सोडला. मशीनची रबरी बॅग टम्म फुगली. दाबाचा काटा वर चढून जागच्या जागी उभा राहिला. गळती नव्हती.

“उघडा,” ती स्वतःलाच मोठ्याने म्हणाली आणि व्हॉल्व्ह उघडला. बॅग हळूहळू बसली. व्हॉल्व्हला बांधलेला लाल दोरा तिने बोटाने चाचपला.

“आमच्या सिस्टर ताकसुद्धा फुंकून पितात,” डॉक्टर हात धुता धुता हसले.

काका हसले नाहीत. ते दोऱ्याकडे पाहत होते.

“हा बंदच राहिला तर?”

“सोडलेला श्वास बाहेर पडत नाही.”

“मग?”

“मग छाती फुगून राहते.” तिने नळी पुसायला घेतली. “म्हणून तर तपासायचं.”

“त्या दिवशीही तपासलं होतं?”

“मी रोजच तपासते, काका.”

सगळी तपासणी तिने पहिल्यापासून पुन्हा केली. मग तिसऱ्यांदा. हिला काही झालं तर हा म्हातारा आज गप्प जाणार नाही, एवढं तिला कळून चुकलं होतं.

मांजर झोपली. भुलेत मांजरांचे डोळे मिटत नाहीत. सिस्टरने त्यांत मलम घातलं, तरी ते हिरवे डोळे तिच्यावरच रोखलेले वाटत होते. ती बॅगेकडे बघत राहिली. बॅग फुगत होती, बसत होती. दारात काकांचा श्वासही त्याच ठेक्यात पडत होता. ते मोजत होते.

वीस मिनिटांत गाठ निघाली. घशातली नळी काढल्यावर मांजर गुरगुरली आणि तिने शेपूट आपटलं. डॉक्टर चहाला गेले.

काका आत आले. त्यांनी दार लावून घेतलं.

“अकरा वर्षं एक गोष्ट मनात घेऊन फिरतोय,” ते म्हणाले. “आज बोलतो.”

ती टेबलाला टेकली.

“तुम्ही बजावलं होतं, उपाशी आणा. पण सकाळी ती सारखी पायात घोटाळत होती. मला राहवलं नाही हो. बशीभर दूध दिलं, आणि तुम्ही विचारलंत तेव्हा धडधडीत नाही म्हणालो. ते दूध छातीत गेलं असेल. माझ्या हाताने मारली मी तिला.” त्यांनी टेबलावरच्या मांजरीच्या पाठीवरून हात फिरवला. “तेव्हापासून मी दुधाला शिवलो नाही. खरं सांगा, दुधानेच गेली ना?”

सिस्टरने लाल दोऱ्याकडे पाहिलं. त्या दिवशी मांजरीची जीभ निळी पडल्यावर, डॉक्टर वळायच्या आत, तिने तो व्हॉल्व्ह गुपचूप उघडला होता. दोरा दुसऱ्या दिवशी बांधला.

तिने काकांच्या हातावर हात ठेवला.

“हो, काका,” ती म्हणाली. “दूध द्यायला नको होतं.”